तो मार खरा होता

एस्बेन,

सोमवारी तू मेल्यावरही मी तुला मारलं. पिठाच्या गिरणीच्या ओट्यावर तू भिंतीला टेकून बसला होतास. चहाचा ग्लास कलंडून चहा तुझ्या पायजम्यावर सांडला होता आणि तुला त्याचं काही नव्हतं. मी आधी हाक मारली, मग खांद्याला धरून हलवलं, आणि मग दोन्ही मुठी वळून तुझ्या छातीवर मारत सुटले. गिरणीवाला चक्की बंद करून धावत आला तोवर मी तुला ओट्यावर आडवं पाडलं होतं. माझ्या तोंडून शिव्या चालू होत्या, त्यांतल्या निम्म्या तुझ्याकडूनच शिकलेल्या, तुझ्या भाषेतल्या. डॉक्टर आले, त्यांनी नाडी पाहिली, डोळे पाहिले आणि मला म्हणाले की छाती दाबायचं तुम्हाला सुचलं हेच फार झालं, तुम्ही तुमच्याकडून सगळं केलं. दुपारपर्यंत दुसरबीड गावभर झालं की बाईनं फिडलवाल्या भाऊला वाचवायची लय कोशिश केली.

मी काही छाती दाबत नव्हते. भीमजयंतीच्या गाण्यांचे सामने दोन महिन्यांवर आलेले, आपली गायनपार्टी तुझ्या भरवशावर, आणि तू कोणाला न सांगता चालता झालास, याचा मला संताप आला होता. संताप आला की माझे हात चालतात, हे तुझ्याइतकं कोणाला ठाऊक? लोक मात्र दुसऱ्यांदा तेच म्हणाले. पहिल्यांदा म्हणाले तेव्हा मी गप्प बसले आणि ते गप्प बसणं मी अकरा वर्षं ओढलं. आता तू ऐकायला नाहीस, तर सांगायला बसले आहे.

तुझ्या भाचीनं तिकडच्या पेपरातलं कात्रण पाठवलं. ढोलकीवाल्या दिगंबरनं मोबाईलवर त्याचं मराठी करून दिलं. जन्म कुठे झाला, रेकॉर्डी किती निघाल्या, जाझवाल्यांत तुझं नाव कसं होतं, कोणकोणत्या शहरांत लोक उभं राहून टाळ्या वाजवायचे, सगळं आहे. आमच्याबद्दल एक ओळ आहे, की उतारवयात त्यांनी भारतात बराच प्रवास केला. प्रवास म्हणे. दरवर्षी सहा-सहा महिने गिरणीमागच्या एका खोलीत, भुवयांपर्यंत पिठानं पांढरा होऊन राहणाऱ्याला प्रवासी म्हणतात का? मी तो मोबाईल भिंतीवर फेकणार होते. दिगंबरचा होता म्हणून वाचला.

तू आलास तेव्हा माझा नवरा जाऊन वर्ष व्हायचं होतं. त्याची बाजाची पेटी मी हातात घेतली होती, कारण पार्टी चालवायची तर कोणीतरी ती वाजवायला हवी होती. दिवसा अंगणवाडीत लेकरांना खिचडी वाढायची आणि दुपारी विहाराच्या आवारात तालीम. दिगंबर ढोलकीवर, एक बेंजोवाला, मागे कोरसला दोन बायका. लोणारचं सरोवर पाहायला जाणारे गोरे लोक रस्त्यावर चहाला उतरतात आणि निघून जातात, तसाच तूही उतरला होतास. पण तुझी गाडी गेली तरी तू कुंपणापाशी उन्हात उभाच. दोन तास. दिगंबर म्हणाला, येडं आहे का काय. मग तू पाठीवरची पेटी उघडून फिडल काढलंस आणि आमची तालीमच थांबली, कारण आमच्या आधीच्या पिढीतल्या पार्ट्यांत फिडल असायचं आणि ते वाजवणारा शेवटचा माणूसही केव्हाच गेला होता.

पहिल्याच दिवशी मी तुझं रक्त काढलं. मी अंतरा म्हणत होते आणि तू माझ्या अंगावर वाजवत होतास. माझी ओळ संपायच्या आत तुझी सुरू. मी एकदा हातानं थांबवलं, दोनदा थांबवलं, तिसऱ्यांदा शेजारची झांज उचलून मारली. कानाला लागली. तू कान पुसलास, बोटावरचं रक्त पाहिलंस आणि हसलास. मला वाटलं आता हा पोलिसांत जाणार. तू दुसऱ्या दिवशी कानाला पट्टी लावून वेळेच्या आधी येऊन बसलास. तेव्हा मी तुला खुणेनं समजावलं, की गाणारीचा श्वास आत जातो तेवढाच वेळ वाजवणाऱ्याचा. श्वास संपला की तुझं दार बंद. ते तू असं शिकलास की पुढे पुढे मी तुझ्यासाठी श्वास लांब घ्यायला लागले.

तुझं वाजवणं म्हणजे मुळात भांडण. गज असा ओढायचास की त्याचे केस तुटून हवेत उडायचे, मान आवळून धरलेली, दात दाबलेले. बायका म्हणायच्या, याला कोणावर एवढा राग आहे? तूच सांगितलंस की तुमच्याकडेही सामना असतो, चार ठोके तू, चार ठोके मी, फक्त शब्द नसतात. म्हणून तू इथे राहिलास, शब्दांचं भांडण ऐकायला. मराठी तुला दिगंबरनं शिकवली, त्यामुळे तू सरपंचांनाही 'का हो'ऐवजी 'काऊन बे' म्हणायचास आणि मलाही 'तू'. वयानं तू मोठा, पण मग मीही 'तू'वर आले. ते तसंच राहिलं.

मारामारी तुझ्या हातात माझ्याही आधीपासून होती. तिसऱ्या वर्षी मेहकरच्या स्टँडवर गाडीची वाट पाहताना, काही कारण नसताना तू ते सांगितलंस. भर कार्यक्रमात, तुझी पाळी चालू असताना तुमचा पियानोवाला शेजारच्याकडे पाहून हसला. तुला वाटलं तुलाच हसला. तू जाऊन पियानोचं झाकण त्याच्या बोटांवर आपटलंस. एकदा आपटून थांबला नाहीस. तो माणूस पुन्हा वाजवू शकला नाही आणि तुला पुन्हा कोणी बोलावलं नाही. तू हे सांगत होतास आणि समोर फुटाण्यांचा पुडा खात होतास. मी उठून दुसऱ्या बाकावर जाऊन बसले. मला तुझी भीती वाटली नाही, खरं सांगते. मला वाटलं, हा माझ्याच जातकुळीचा आहे. ते मला आवडलं नाही.

आता अकरा वर्षांपूर्वीच्या त्या दिवसाचं.

सामन्याची आमची एक रीत आहे. ती तुला माहीत नव्हती आणि सगळं तिथूनच बिघडलं. सामन्याच्या दिवशी दुपारी दोन्ही पार्ट्यांचे मुख्य गाणारे कुठेतरी आडोशाला बसून चहा घेतात आणि बोलून ठेवतात. कोणाच्या आईवर जायचं नाही, मेलेल्या लेकरावर जायचं नाही, आजारावर जायचं नाही. बाकी काय काय म्हणणार त्याचीही थोडी कल्पना देतात, म्हणजे समोरच्याला जवाब बांधायला सवड मिळते. वाजवणाऱ्यांना यातलं काही सांगायचं नसतं. झोंबणारी ओळ आली की ढोलकीवाल्याचं तोंड खरोखर लाल व्हावं लागतं, लोक तेच पाहायला आलेले असतात. माझ्या नवऱ्यालाही मी कधी सांगितलं नाही. तो स्टेजवर तांबडा-निळा व्हायचा आणि घरी आल्यावर दोन दिवस बोलायचा नाही.

त्या वर्षी मेहकरला समोर किसन होता. पिंपळगाव राजाचा किसन, माझा कायमचा सामनेवाला, तोंडानं विखारी आणि मनानं गाय. स्टँडमागच्या हॉटेलात चहा घेताना त्यानं विचारलं, बाई, यंदा तुमच्या गोऱ्यावर म्हणू का? मी म्हटलं, म्हण. तो म्हणाला, काही सुचत नाही. एस्बेन, ती ओळ मीच त्याला करून दिली.

धनी गेला, गोठा झाला रिकामा,
बाईनं गोरा बैल बांधला कामा.

किसन कचरला. म्हणाला, यात तुमचे मालक येतात, हे जास्त होईल. मी म्हटलं, तू म्हण, माझ्याकडे जवाब आहे. आणि होता. आठ दिवस मनात घोळवून बांधलेला जवाब होता, विधवेला बोट दाखवणाऱ्या सगळ्या गावाचं तोंड एकदाच बंद करणारा. उभ्या आयुष्यात मी तसं काही बांधलं नव्हतं. त्या जवाबासाठी मी स्वतःला शिवी घालून घेतली होती.

पोलिसांची परवानगी हल्ली दहापर्यंतच असते, म्हणून सामना उन्हं उतरतानाच सुरू झाला. वंदना झाली, विचारांची गाणी झाली, मग टोमण्यांची फेरी आली. किसननं माझी ओळ म्हटली. तीन वेळा म्हटली, कोरसनं उचलली, आणि पुढच्या रांगेतली पोरं खुर्च्यांवर उभी राहून तुझ्याकडे बोट दाखवून हसायला लागली. मी पेटीवर सूर धरला. जवाब जिभेवर आला होता. तेवढ्यात तू फिडल खाली ठेवलंस. नीट त्याच्या पेटीत ठेवलंस, झाकण लावलंस, कडी घातलीस. मला वाटलं तार तुटली असेल. तू स्टेज ओलांडून गेलास आणि किसनच्या तोंडावर ठोसा मारलास.

दात तुटल्याचा आवाज माईकमधून सगळ्या मैदानाला ऐकू गेला. पुढचं मला तुकड्यातुकड्यानं आठवतं. किसनचा पांढरा झब्बा छातीपर्यंत लाल. त्याची माणसं पायऱ्यांवरून नाही, सरळ समोरून स्टेजवर चढली. बेंजो कोणीतरी गुडघ्यावर मोडला. दिगंबरच्या डोक्यात खुर्ची बसली आणि तो ढोलकीला मिठी मारून बसल्या जागी कलंडला. तुला खाली पाडलं होतं आणि वर्तुळ करून लाथा घालत होते, पोटात, पाठीत. एकानं माईकचा लोखंडी स्टँड उलटा धरला होता.

मी चप्पल काढली. माणसांना कोपरांनी बाजूला सारत आत घुसले. माझ्या हातात चप्पल पाहून ती माणसं मागे सरकली, कारण पार्टी माझी, माणूस माझा, आणि चारचौघांत बाईच्या चपलेचा मार म्हणजे शिक्षेत काही बाकी राहत नाही. माईकचा स्टँड खाली आला. लोकांनी जागा करून दिली आणि मी तुला मारलं.

लोकांनी काय पाहिलं ते तुला माहीत आहे. बाईनं डोकं चालवलं, स्वतः मारून जमावाचा मार थांबवला, पोलीस येईपर्यंत वेळ काढला. मी तुला सांगते मी काय करत होते. माझ्या डोक्यात वेळ नव्हता, पोलीस नव्हते, तू जगावास हेही नव्हतं. माझा जवाब तू माझ्या तोंडातून काढून घेतला होतास. मला राखायला निघाला होतास तू. माझ्याच ओळीपासून. मी तोंडावर मारलं, डोक्यावर मारलं, तू हात वर केलास तर हातावर मारलं. तू डाव्या हातानं स्टेजचा लोखंडी अँगल धरून उठायला गेलास आणि मी नेम धरून टाच त्या हातावर आणली. नेम धरला होता, एस्बेन. फिडल कोणत्या हातानं बोलतं हे मला ठाऊक होतं. करंगळी मोडल्याचं मला चपलेतून कळलं. तरी मी थांबले नाही. पोलिसांनी मागून दंड धरले म्हणून थांबले.

सरकारी दवाखान्यात तुला आणि किसनला शेजारच्या खाटांवर टाकलं होतं. मी दुसऱ्या दिवशी आले. यावं की नाही यात अर्धा दिवस गेला होता. दारातच दिगंबर भेटला, डोक्याला पांढरं फडकं गुंडाळलेला, आणि म्हणाला, बाई, तुमी भाऊले वाचवलं, सारं मेहकर तेच बोलून राह्यलं. मी आत आले. एक डोळा बंद, ओठ सुजलेला, डाव्या हाताला प्लास्टर. तू मला पाहून म्हणालास, "बाई, तू मले वाचवलं."

त्या वेळी बोलायला हवं होतं. तोंड उघडलंही होतं. शेजारी किसन फाटलेल्या ओठानं वर छताकडे पाहत पडला होता. पोलिसांना त्यानं सांगितलं होतं की मी स्टेजवरून पडलो, तक्रार काही नाही. सगळे एवढे चांगले वागत होते की मला खरं बोलायची लाज वाटली. मी म्हटलं, जेवलास का? आणि डबा उघडला.

त्यानंतर तू ते सगळ्यांना सांगत सुटलास. चहाच्या टपरीवर, विहारात, लग्नात, माझ्या अंगणवाडीच्या सुपरवायझर बाईंना. प्रत्येक नोव्हेंबरात कोणी नवा माणूस भेटला की त्याला करंगळी दाखवायची. ती वाकडीच जुळली, मिटायची नाही. आणि म्हणायचं, बाईनं वाचवलं. प्रत्येक वेळी मी वरवर म्हणायचे, पुरे झालं आता. लोक म्हणायचे, बाईचा मोठेपणा. त्या मोठेपणानं मला आतून खाल्लं.

तू तीन बोटांवर नवा हात बसवलास. दोन हिवाळे लागले. चौथं बोट जिथे जायचं तिथे तू उडी मारून जायचास आणि ती उडी थोडी उशिरा पडायची. लोकांना तो लंगडा सूर फार आवडला. मला आवडला नाही. त्या उशिरात मला माझी टाच ऐकू यायची.

आणि तरी भांडण थांबलं नाही. दुपारच्या चहाची ती रीत तुला मागाहून कळली होती आणि दरवर्षी एकदा तरी तू तो विषय काढायचास.

"तू मले आधी काऊन नाही सांगतलं?" तू म्हणायचास. तुमच्याकडे म्हणे स्टेजवर उभ्या असलेल्या प्रत्येकाला काय होणार ते माहीत असतं.

वाजवणाऱ्याला सांगत नसतात, असं मी म्हणायचे. तू म्हणायचास, ही रीत खराब आहे. मी म्हणायचे, तुझा देश खराब आहे. एका वर्षी मी फार पुढे गेले. म्हटलं, "मंग त्या पियानोवाल्याले तू आधी सांगतलं होतं का बे, का झाकण येऊन राह्यलं म्हणून?" तू उठलास. खोलीत गेलास. चार दिवस तालमीला आला नाहीस. पाचव्या दिवशी आलास आणि सूर जुळवायला लागलास. ते मी बोलायला नको होतं. जो माणूस आपलं सगळ्यात वाईट कृत्य स्टँडवर बसून सांगून मोकळा झाला, त्याला मी त्याचाच दगड मारला. माझं तर मी सांगितलंही नव्हतं.

उपकार काय कमी आहेत तुझे? चार वर्षांपूर्वी माझा आवाज उतरला. काळी पाचच्या पट्टीत मी चिरकायला लागले, आणि बाईचा आवाज गेला की पार्टीला कार्यक्रमाची सुपारी मिळत नाही. मी कोणाला सांगितलं नाही. तूच एका दुपारी तालमीत जाहीर केलंस की तुझं मोडकं बोट वरच्या पट्टीत पोचत नाही, आता सगळं काळी तीनला घ्यावं लागेल. बेंजोवाला कुरकुरला, म्हणाला याच्या बोटापायी बाईला खाली गावं लागते. तू मान खाली घालून ऐकून घेतलंस. तुझं बोट कुठेही पोचत होतं. मला कळलं होतं आणि मला कळलं हे तुला कळलं होतं. मी त्या रात्री तुझ्या खोलीवर कढी-भाकरी पाठवली आणि आभार मानले नाहीत. आभाराचा शब्द काढला असता तर दुसराही शब्द निघाला असता, हे मला माहीत होतं.

तू गेलास तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की सुटले. तुझ्यापासून लपवून ठेवायचं ते आता कोणापासून लपवायचं? एवढं हलकट मन आहे माझं. ते पाच मिनिटं टिकलं. नंतर गिरणीचा पट्टा पुन्हा सुरू झाला, आणि त्या आवाजात तू तालमीआधी सूर जुळवायचास ते आठवलं, आणि मी ओट्याच्या भिंतीवर डोकं आपटून घेतलं. गिरणीवाल्याच्या बायकोनं मला धरून घरी नेलं. कपाळावर टेंगूळ अजून आहे.

परदेशी माणूस मेला म्हणजे कागदच कागद. पोलीस आले, तुझा पासपोर्ट नेला, तुला जिल्ह्याच्या दवाखान्यात बर्फात ठेवलं. तुझी भाची फोनवर रडली आणि म्हणाली, तिथेच करा, त्याला तिथेच आवडायचं. गुरुवारी केलं. खांद्याला किसन होता.

रविवारी विहारात तुझं पुण्यानुमोदन झालं. आवारात मांडव, तुझा फोटो, पांढरी फुलं. वंदना झाली आणि लोक बोलायला उठले. दिगंबर बोलला. सरपंच बोलले. शाळेचे गुरुजी बोलले. एस्बेन, प्रत्येकानं तेच सांगितलं. चप्पल, जमाव, बाईची हुशारी. आणि आता त्याला शेवट जोडला होता, की त्याच बाईनं शेवटच्या घटकेलाही छाती दाबून जीव आणायचा प्रयत्न केला. शेजारच्या बायका माझ्या पाठीवरून हात फिरवत होत्या. मला ते हात तोडून टाकावेसे वाटले.

मी उठले. माईक हातात घेतला. आयुष्यभर त्या माईकवर मी दुसऱ्यांना सोललं, म्हटलं एकदा आपल्यालाही सोलावं. म्हटलं, "मी त्याले वाचवलं नाही. मी त्याले मारून राह्यली होती. जीव जावा म्हणून मारून राह्यली होती. बोट मीच मोडलं, नेम धरून." आणि ओळ मीच दिली होती हेही सांगितलं.

 मग मागून एक म्हातारी रडवेल्या आवाजात म्हणाली, पाहा, दुःखानं बाईचं मन कसं झालं. सरपंचांनी येऊन माझ्या हातातून माईक घेतला आणि म्हणाले, बाईंनी आजवर श्रेय घेतलं नाही, आजही घेत नाहीत. लोकांनी माना डोलावल्या. खीर-पुरीच्या पत्रावळी मांडायला घेतल्या. मी आयुष्यात कधी सामना हरले नव्हते. त्या दिवशी अख्ख्या मांडवानं मला हरवलं.

मी मांडवाबाहेर पाण्याच्या टाकीपाशी जाऊन उभी राहिले. किसन मागून आला. हल्ली त्याच्या दातांची कवळी सैल झाली आहे, बोलताना शिट्टी वाजते.

"बाई, तुमी खरं बोलल्या," तो म्हणाला. "मले माहीत होतं."

मी म्हटलं, तुला कसं माहीत?

"मी स्टेजवर आडवा पडेल होतो. पब्लिकले तुमची पाठ दिसे, मले तोंड दिसे. वाचवणाऱ्या बाईचं तोंड तसं नसते."

मी विचारलं, त्याला सांगितलंस का?

किसन म्हणाला की दवाखान्यात पहिल्याच दिवशी सांगितलं. दोघं शेजारी पडले होते, एकाचं तोंड फुटलेलं, दुसऱ्याचा हात. त्यानं तुला सांगितलं की बाई खरोखर मारत होती, पोलीस आले म्हणून तू वाचलास. आणि तू म्हणालास, हाव, माहीत हाये.

"त्याचा बाप त्याले मारे म्हणे," किसन म्हणाला. "लहानपणी. फिडलचा सूर चुकला का मारे, नाई चुकला तरी मारे. म्हणे, कोणता मार कशाचा हाये, ते मले अंगावर पडल्याबरोबर समजते. मंग म्हणे, पण तिले सांगजो नको. मले समजलं हे तिले समजलं, तर बाई मले पुन्हा तोंड नाई दाखवणार. अन् दिगंबर आला तसा त्यानंच त्याले सांगतलं, का बाईनं मले वाचवलं."

म्हणजे ती गोष्ट गावानं केली नव्हती. तू केली होतीस. मी दारातून आत यायच्या आधी, एका डोळ्यानं, सुजलेल्या ओठानं, माझ्यासाठी बांधून ठेवली होतीस. आणि मग अकरा वर्षं ती सगळ्यांना सांगत राहिलास, कारण एक दिवस जरी थांबला असतास तर मला शंका आली असती.

मी किसनला म्हटलं, तू तरी सांगायचंस. तो म्हणाला, सांगितलं असतं तर तुम्ही पार्टी मोडली असती, मग मी कोणाशी सामना केला असता? आणि तो जेवायला गेला. मी तिथेच टाकीच्या कट्ट्यावर बसले. रडू आलं नाही. राग आला, किसनचा नाही, तुझा. बापाचं तू किसनला सांगितलंस. पियानोवाल्याचं मला सांगितलंस, म्हणजे तू मारलेलं मला सांगितलंस आणि तू खाल्लेला मार मला सांगितला नाहीस. मग लक्षात आलं की मी कधी विचारलंच नव्हतं. चौदा वर्षांत तुला मी एकदाही विचारलं नाही की पहिलं फिडल तुझ्या हातात कोणी दिलं.

माझं चुकलं, एस्बेन. हे तुझ्या तोंडावर म्हणायला मला अकरा वर्षं होती.

बापाच्या हातून सुटून एवढ्या लांब आलास आणि पुन्हा माझ्या हाताखाली आलास. मार खरा होता हे तुला पहिल्या फटक्याला कळलं होतं. तरी दर नोव्हेंबरात पाठीवर पेटी घेऊन तू दुसरबीडला उतरायचास आणि खोलीवर जायच्या आधी माझ्या दारात येऊन उभा राहायचास. काऊन बे? काऊन येत होता तू?